‘क्रायसिस’, ‘संकट’ आणि दरेकसा
१/ ‘क्रायसिस’ला मराठीत सर्रास ‘संकट’ म्हटले जाते. दोन्ही शब्दांचे मूळ अर्थ मात्र भिन्न आहेत. तो फरक कचारगडच्या गुहांसाठी ओळखल्या जाणाऱ्या दरेकसा (जि. गोंदिया) परिसराच्या इतिहासात ठळक दिसतो.

२/ ग्रीक ‘क्रिसिस’ हे नाम ‘क्रिनेइन’ या क्रियापदावरून आले. त्याचा अर्थ वेगळे करणे, निवडणे, निवाडा देणे. न्यायालयाचा निर्णय हाही ‘क्रिसिस’च. हिपोक्रेटिसच्या परंपरेतील वैद्यांनी हा शब्द तापाला लावला : ज्या दिवशी ताप उतरतो किंवा रोगी दगावतो, तो दिवस ‘क्रिसिस’चा. इंग्रजीतही तो आधी वैद्यकातूनच शिरला. राजकारण आणि बाजारपेठ ही त्याची पुढची वाटचाल. ‘क्रिटिक’, म्हणजे समीक्षक, हा त्याचाच सख्खा भाऊ.

३/ संस्कृत ‘संकट’ म्हणजे अरुंद, दाटीचे, अडचणीची वाट. त्यात कोंडी आहे, निवाडा नाही. वैद्यकाच्या अंगाने जवळचा शब्द ‘अरिष्ट’. मूळ अर्थ ‘अक्षत, सुरक्षित’. पण चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात अरिष्टे म्हणजे मृत्यूची पूर्वचिन्हे. (दशमूलारिष्ट पिणाऱ्यांनी घाबरू नये, तो अर्थ वेगळा.) ‘आर्थिक अरिष्ट’ हा प्रयोग भारदस्त खरा, तरी ‘क्रिसिस’मधील रोगी वाचण्याची शक्यता त्यात उरत नाही.

४/ दरेकसा येथील डोंगराळ, अरुंद टापू म्हणजे अक्षरशः ‘संकट’. नागपूर-छत्तीसगड रेल्वे याच टापूतून राजनांदगावकडे गेली. १८७८ च्या दुष्काळाने या मीटरगेज मार्गाच्या कामाला वेग दिला. १८८७ मध्ये स्थापन झालेल्या बंगाल-नागपूर रेल्वेने पुढे तो ब्रॉडगेज केला. धान्य पोहोचवण्याची वाट तयार झाली.

५/ तरीही १८९६-९७ च्या दुष्काळात मध्य प्रांतात माणसे मोठ्या संख्येने मेली. रूळ होते, प्रश्न निवाड्याचा होता. १८८० च्या दुष्काळ आयोगानंतर आलेल्या दुष्काळ संहितेनुसार टंचाई कोणती आणि दुष्काळ कोणता, हे अधिकाऱ्याने ठरवायचे. त्या निर्णयावर मदतकामे आणि मजुरी अवलंबून. १८९८ च्या लायल आयोगासमोर मध्य प्रांतातील मदतीचे अपयश लपले नाही. ‘संकट’ साऱ्यांना दिसत होते, ‘क्रिसिस’ कागदावर अडला होता.

६/ स्वातंत्र्यानंतर महाराष्ट्रात हा निवाडा दीर्घकाळ पैसेवारीने (जुन्या बोलीत आणेवारीने) होत असे. आधी नजरअंदाज, मग सुधारित, शेवटी अंतिम पैसेवारी. सीमारेषा ५० पैशांची असे. धान करपलेले दोन शेजारी गावे असली, तरी एकाची पैसेवारी ४९ आणि दुसऱ्याची ५१ निघाली, तर सवलतींच्या यादीत पहिलेच येत असे.