वरळीच्या चाळी, अनुबोधपट व कुटुंबस्मृती

वरळीतील घराण्यांचा इतिहास लिहू पाहणाऱ्यास साधनांची अडचण प्रथमच जाणवते. मुंबई विकास विभागाने १९२० नंतरच्या दशकात येथे १२१ चाळी उभारल्या. सुमारे १६० चौरस फुटांच्या एकेका खोलीत तीन-तीन पिढ्या नांदल्या. पण दप्तर म्हणावे तर भाडेपावत्या, शिधापत्रिका आणि लग्नातले एखादे छायाचित्र. बाकी सारे बोलण्यात आहे.

आनंद पटवर्धन यांचे दोन अनुबोधपट या संदर्भात एकत्र पाहण्याजोगे आहेत. 'वसुधैव कुटुंबकम्' (२०२३) या पटात त्यांनी वृद्ध मातापित्यांचे घरगुती चित्रणच इतिहासाचे साधन म्हणून वापरले. या घराला लेखी आधार पूर्वीपासूनच आहे. चुलते अच्युतराव १९४२ च्या भूमिगत लढ्याचे पुढारी होते. 'जय भीम कॉम्रेड' (२०११) या चौदा वर्षे चाललेल्या चित्रणातील माणसांना तो आधार नव्हता. ५ जानेवारी १९७४ रोजी वरळीत दलित पँथरच्या सभेवरून दंगल उसळली व १० जानेवारीस परळच्या मोर्चात भागवत जाधव मारले गेले. वृत्तपत्रांत या तारखा सापडतात. चाळीतली म्हातारी मात्र सन सांगत नाही. 'धाकटी तेव्हा रांगत होती' असे सांगते, आणि इतिहासकाराने त्यावरून वर्ष काढावयाचे असते.

येथे भाषाशास्त्राचा एक मुद्दा उपस्थित होतो. असे कथन 'इथे', 'ह्या जिन्यावर', 'त्या मोरीपाशी' अशा दर्शक शब्दांवर उभे असते. नुसत्या ध्वनिमुद्रणात हे शब्द पोकळ राहतात; चित्रपटात बोट दिसते आणि जिनाही दिसतो. दुसरे असे की, विचारणारा कोण यावर उत्तर ठरते. लेकाला 'अरे, तुझा बाप' म्हणून जे सांगितले जाते, ते पाहुण्याला 'आमचे हे' म्हणून सांगताना निराळे होते. पटवर्धनांच्या घरी चित्रण करणारा घरचाच मुलगा होता. वरळीत बहुधा पाहुणाच येतो.

ऑगस्ट २०२५ मध्ये पुनर्विकासातील पहिल्या ५५६ कुटुंबांना नव्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. सामाईक शौचालयांच्या रांगेचे गोडवे गाण्याचे कारण नाही. नवे घर हवेच होते. परंतु जिना पाडला की 'ह्या जिन्यावर' या शब्दांचा अर्थ सांगणाऱ्याबरोबरच जातो.

झाँ रूश व एडगार मोरँ यांनी १९६१ च्या आपल्या पॅरिसविषयक पटात चित्रित माणसांनाच त्यांचे चित्रण दाखवून त्यांची प्रतिक्रियाही टिपली. तोच प्रयोग येथे व्हावा. जुन्या खोलीत घेतलेले चित्रण नव्या घरात कुटुंबाला दाखवावे, त्या वेळी होणारी हुज्जतही मुद्रित करावी, आणि कॅमेरा घरातल्याच नातीच्या हाती द्यावा. आजी तिला 'अगं' म्हणून जे सांगेल, ते आम्हा अध्यापकांना सांगणार नाही.