सांबाराचे कूळ

काही वर्षांपूर्वी याच व्यासपीठावरून तंजावरच्या मराठ्यांविषयी बोलताना आम्ही एक गोष्ट मोठ्या रंगात येऊन सांगितली होती. छत्रपती संभाजी महाराज आपले चुलत बंधू तंजावरचे शहाजीराजे यांच्याकडे पाहुणे गेले. आमटी करावयाची तर मुदपाकखान्यात कोकमे संपलेली. कोणीतरी चिंचेचा कोळ घालण्याचे सुचविले. तुरीच्या डाळीत भाज्या पडल्या, आणि तयार झालेल्या पदार्थाला पाहुण्याच्या नावावरून 'सांबार' म्हणू लागले. गोष्ट श्रोत्यांना आवडली. टाळ्याही पडल्या. व्याख्यान संपल्यावर कुंभकोणम्‌कडे माहेर असलेल्या एक वृद्ध बाई पुढे आल्या आणि शांतपणे म्हणाल्या, "गोष्ट छान आहे हो, पण याला कागद कोणता?" आमच्यापाशी कागद नव्हता. आम्ही काहीतरी पुटपुटलो आणि पानसुपारीकडे वळलो. त्या प्रश्नाचे उत्तर द्यावयाचे राहिले आहे, ते आज देतो.

प्रथम सनावळी पाहू. शहाजीमहाराजांचे पुत्र व्यंकोजी ऊर्फ एकोजी यांनी १६७५ च्या सुमारास तंजावर घेतले. त्यांचे चिरंजीव शहाजीराजे १६८४ मध्ये गादीवर आले व १७१२ पर्यंत त्यांनी राज्य केले. इकडे संभाजी महाराजांचा अंत १६८९ च्या मार्चात झाला. म्हणजे ही पंगत बसली असेलच, तर ती १६८४ ते १६८९ या पाच वर्षांतच बसली पाहिजे. ही पाच वर्षे कशी होती? औरंगजेब सारी फौज घेऊन दक्षिणेत उतरलेला. १६८६ मध्ये विजापूर पडले, १६८७ मध्ये गोवळकोंडा. अशा धामधुमीत छत्रपती कावेरीकाठी पाहुणचाराला गेले, असे ज्याला म्हणावयाचे असेल त्याने निदान एखादे पत्र, एखादी नोंद तरी दाखवावयास हवी. ही गोष्ट सांगणाऱ्यांपैकी कोणीही, आमच्यासकट, तसे काही दाखविलेले नाही.

बरे, चिंचेचा शोध लागण्यासाठी कोकमे संपावयास कशाला हवीत? कोकम हे कोकणातले झाड. घाटावरच्या आमटीत आजही आमसुलाइतकीच चिंच पडते. त्यातून तंजावरचे भोसले काही कालपरवा कोकणातून उतरलेले नव्हते. थोरल्या शहाजीमहाराजांचा मुक्काम १६३८ पासून बंगळुरास. एकोजी तिकडेच वाढले. कर्नाटकात तुरीची डाळ, भाज्या आणि चिंच यांचे जे कालवण करतात त्याला 'हुळी' म्हणतात, आणि हुळी या शब्दाचा अर्थच मुळी 'आंबट'. म्हैसूरच्या दरबारातल्या गोविंद वैद्याने १६४८ मध्ये रचलेल्या 'कंठीरव नरसराज विजय' या कन्नड काव्यात या हुळीचा उल्लेख आहे. एकोजींच्या ताटात ती लहानपणापासून पडत असली पाहिजे, असे मानणे फार धाडसाचे होणार नाही. ज्या घरात दोन पिढ्या आंबट वरण खाल्ले गेले, त्या घराच्या स्वयंपाक्याला चिंच सुचावयास अपघात लागावा, हे काही पटत नाही.

आता नाव. 'संभार' हा संस्कृत शब्द. सामग्री, गोळा केलेले साहित्य, हा त्याचा अर्थ. स्वयंपाकघरात शिरल्यावर तो मसाल्याच्या जिनसांना चिकटला. १५३० च्या एका तमिळ शिलालेखात देवाच्या नैवेद्याच्या संदर्भात 'सम्बारम्' हा शब्द येतो. संभाजी महाराजांचा जन्म १६५७ चा, म्हणजे शब्द महाराजांपेक्षा सव्वाशे वर्षांनी वडील ठरतो! आणि दूर कशाला जावयाचे? आमच्या नागपूरकर श्रोत्यांना विचारा. त्यांच्याकडे बाजारात 'सांबार' मागितला की हातात कोथिंबिरीची जुडी पडते, आणि सांबारवडीत डाळीचा एक दाणाही शोधून सापडत नाही. गुजरातेत 'संभारो' म्हणतात तो फोडणी दिलेल्या कोबीसारख्या भाज्यांना. एका शब्दाची ही चार ठिकाणची चार घरे. त्यांपैकी कोणत्याही एकाला राजाचे नाव चिकटवून बाकीच्या तिघांची वाट काय लावावयाची?

तेव्हा आमची गोष्ट आम्ही परत घेतो. पण गोष्ट गेली म्हणून पदार्थ गेला नाही. उलट त्याचे कूळ आता कितीतरी मागे जाते.

तूर ही आपल्याच भूमीतली. तिची रानटी आप्ते बस्तर आणि ओरिसाच्या जंगलात आहेत, आणि विदर्भात, अमरावती जिल्ह्यातल्या तुळजापूर गढीच्या उत्खननात, ताम्रपाषाणयुगीन थरांत तुरीचे जळके दाणे मिळाले आहेत. नर्मदाकाठच्या नावडातोली येथे डेक्कन कॉलेजच्या सांकलियांनी १९५२ पासून जे खोदकाम केले त्यात मसूर, मूग, उडीद, वाटाणा आणि लाख अशी कडधान्ये निघाली. ती माणसे इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या सहस्रकातली. त्यांच्या मडक्यात डाळ कशी शिजे, त्यात भाजी पडे की नाही, हे दाणे सांगत नाहीत. परंतु डाळीचे महत्त्व भाषेने जपून ठेवले आहे. संस्कृतात 'सूप' म्हणजे शिजविलेली डाळ, आणि स्वयंपाक्याला नाव मिळाले 'सूपकार'. ज्याला वरण जमले त्याला स्वयंपाक जमला, असा निकाल त्या शब्दातच आहे. आमच्या रामचंद्र सखाराम गुप्ते यांनी १८७५ मध्ये मराठीत पाककलेचे पुस्तक काढले, तेव्हा त्याचेही नाव त्यांनी 'सूपशास्त्र' असेच ठेवले. (न्यायमूर्ती रानड्यांनी पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली तीही १८७५ मध्येच. विचार आणि वरण यांची सोय एकाच साली झाली म्हणावयाची!)

लेखी पुराव्यात कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याचा 'मानसोल्लास' हा बाराव्या शतकातला संस्कृत ग्रंथ फार मोलाचा आहे. हा राजा लढायांपेक्षा चवीत अधिक रमला असावा. त्याबद्दल त्याच्या शत्रूंनी काय म्हटले असेल ते असो, आम्ही त्याचे ऋणी आहोत. त्याने अन्नभोगाच्या प्रकरणात डाळी शिजविण्याची रीत दिली आहे: मंद आच, हळद, हिंगाचे पाणी, सैंधव, वर आले. मुगाच्या वरणात वांग्याचे तुकडे टाकावेत असेही तो सांगतो. डाळ आणि भाजी एका भांड्यात आली ती निदान इतकी जुनी. या पातेल्यात मिरची नव्हती, तिखटपणा मिऱ्याआल्याचा. मिरची पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात अमेरिकेतून आणली. टोमॅटो, बटाटा, फरसबी आणि ज्याला आपण अगदी आजीबाईच्या गोष्टीतला समजतो तो लाल भोपळाही तिकडचाच. आजच्या सांबारातून ही पाहुणेमंडळी उठविली तर वांगे, शेवगा, मुळा, दुधी आणि कोहळा उरतात. आणि सांबार तेवढ्यावरही उत्तम होते, हे आम्ही घरी करून पाहिले आहे.

करण्याची रीत सांगितली पाहिजे, कारण तीतच इतिहास मुरलेला आहे. तुरीची डाळ हळद व चमचाभर तेल घालून आधी अगदी गाळ शिजवावी. चिंच तिच्यात कच्चेपणी कधीही घालू नये. आंबटाने डाळीची कवचे बांधून ठेवणारा अंश घट्ट राहतो आणि मग तासभर आच दिली तरी डाळ दाताखाली लागते. विहिरीच्या जड पाण्यातही हेच होते. त्यावर सोड्याची चिमूट हा उपाय पुष्कळ घरी करतात. पण सोड्याने ब जीवनसत्त्वाचा नाश होतो, त्यापेक्षा डाळ भिजत टाकणे बरे. भाज्या वेगळ्या, चिंचेच्या पातळ पाण्यात शिजवाव्या. तेथे मात्र आंबटाचा उपयोग होतो, कारण फोडी विरघळत नाहीत. मग धने, चण्याची डाळ, मेथ्या आणि सुक्या मिरच्या तेलावर परतून वाटलेला मसाला, मग घोटलेली डाळ, आणि शेवटी मोहरी, हिंग, कढीलिंबाची फोडणी. आमच्या आमटीत फोडणी आरंभी, गोडा मसाला आणि गूळ. सांबारात फोडणी बहुधा शेवटी, आणि मसाला त्या दिवशी वाटलेला. दोघांचा फरक एवढाच, पण तोंडात घास गेला की तो एवढाच राहत नाही. १९५१ मध्ये मद्रासच्या एस. मीनाक्षी अम्माळ यांनी तमिळमध्ये 'समैत्तु पार' हे पुस्तक काढले, ते नव्या सुनांनी पिढ्यान्‌पिढ्या वापरले. आपल्याकडे तेच काम १९७० पासून कमलाबाई ओगल्यांच्या 'रुचिरा'ने केले. महाराष्ट्रातल्या सामान्य माणसाला मात्र सांबार भेटले ते पुस्तकातून नव्हे, तंजावराहून तर नव्हेच, तर उडुपी हॉटेलातून, इडलीच्या वाटीतून. त्यात नारळ असतो आणि गुळाचा खडाही असतो. म्हणूनच ते आपल्याला परके वाटले नाही.

मग तंजावरच्या मराठ्यांच्या वाट्याला काय राहिले? आम्ही म्हणतो, पुष्कळ राहिले. फक्त आपण चुकीच्या भांड्यात पाहत होतो. बृहदीश्वराच्या देवळाच्या भिंतीवर दुसऱ्या सरफोजीराजांनी १८०३ मध्ये भोसल्यांचा सारा इतिहास मराठीत कोरून ठेवला आहे. सरस्वती महालातल्या मोडी कागदांत त्यांच्या मुदपाकखान्याची पाककृतींची नोंद आहे. ती 'सरभेंद्र पाकशास्त्र' म्हणून छापूनही आली आहे. १८५५ मध्ये दुसरे शिवाजीराजे निपुत्रिक वारले आणि कंपनीने राज्य खालसा केले. दरबार गेला, पण नावे स्वयंपाकघरात राहिली. तंजावरच्या तमिळ घरांत आजही 'पिट्‌लै' करतात: कारले किंवा वांगे, तुरीची डाळ, चिंच, खोबऱ्याचे वाटण, असे दाट कालवण. हे आपले पिठलेच. नाव गेले आणि पिठाच्या जागी डाळ बसली. दुसरे 'रसवांगी'. तमिळमध्ये वांग्याला 'कत्तिरिक्काय्' म्हणतात. असे असता त्या घरात 'वांगी' कोठून आली, याला फार मोठ्या संशोधनाची गरज नाही. शब्द हाही एक कागदच आहे, आणि येथे तो आपल्या बाजूने बोलतो.

त्या वृद्ध बाईंना आम्ही हे सारे गेल्या पावसाळ्यात भेटून सांगितले. त्यांनी ऐकून घेतले, 'बरे' म्हणाल्या आणि आत गेल्या. थोड्या वेळाने त्यांनी रसवांगी वाढली. वांग्याच्या मोठ्या फोडी चिंचेच्या पाण्यात मऊ केलेल्या, त्यात शिजविलेली डाळ, धने, मिरची व चणाडाळीचे खोबऱ्यासह वाटण, वरून तुपात लाल केलेला खोबऱ्याचा कीस. आम्ही भात दोनदा घेतला. निघताना त्यांनी विचारले, तुमच्याकडे भरली वांगी करतात त्यात चिंच घालतात की आमसूल? आम्ही म्हटले, चिंच. "मग," त्या म्हणाल्या, "कोकमे संपण्याची वाट तुम्हीही पाहत नाही तर!"