‘ग्रहण’ : एक शब्द व दोन उपपत्ती

‘ग्रहण’ हा शब्द ‘ग्रह्’ म्हणजे पकडणे या धातूपासून सिद्ध झाला आहे. ‘ग्रहण लागले’, ‘ग्रहण सुटले’ हे आपले नित्याचे प्रयोग आणि ‘दे दान, सुटे गिराण’ ही याचकांची आरोळी यांत तीच कल्पना वावरते : कोणी तरी सूर्यचंद्रांस धरतो आणि सोडतो. ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलात सूर्याला अंधाराने ग्रासणारा स्वर्भानू आहे. पुढे त्याची जागा राहूने घेतली. परंतु एवढ्यावरून प्राचीनांना ग्रहणाचे खरे कारण अवगत नव्हते असे अनुमान काढणे युक्त होणार नाही.

इ. स. 499 च्या ‘आर्यभटीया’त आर्यभटाने हे कारण निःसंदिग्धपणे सांगितले आहे. सूर्याला चंद्र झाकतो. चंद्राला पृथ्वीची छाया झाकते. म्हणून सूर्यग्रहण अमावास्येस व चंद्रग्रहण पौर्णिमेसच घडते. ते प्रतिमासी घडत नाही, कारण चंद्राची कक्षा क्रांतिवृत्ताशी सुमारे 5 अंशांचा कोन करते. ही दोन वृत्ते ज्या बिंदूंत छेदतात त्यांस ‘पात’ म्हणतात. चंद्र पाताजवळ असेल तरच ग्रहण संभवते. पुढे याच पातांना राहू व केतू ही नावे रूढ झाली. दैत्य गेला, नाव मात्र गणितात स्थिरावले.

सहाव्या शतकातील वराहमिहिराने ‘बृहत्संहिते’त याला निरीक्षणाची जोड दिली. चंद्रग्रहणात स्पर्श पूर्वेकडून होतो, कारण पूर्वेकडे जाणारा चंद्र स्वतःच छायेत शिरतो. सूर्यग्रहणात तो पश्चिमेकडून होतो, कारण चंद्र मागून येऊन सूर्यास झाकतो. शिवाय सूर्यग्रहण देशपरत्वे भिन्न दिसते. ग्रासणारा एकच राहू असता तर हे भेद उद्‌भवते ना.

येथेच वादाला तोंड फुटते. इ. स. 628 मध्ये ब्रह्मगुप्ताने, राहू नाकारणे हे श्रुतिस्मृतींच्या विरुद्ध आहे, असा आक्षेप घेतला. तथापि त्याचे स्वतःचे ग्रहणगणित छाया व चंद्रबिंब यांवरच आधारलेले आहे. ही विसंगती अल्बेरूनीने अकराव्या शतकात हेरली आणि सॉक्रेटिसावर ओढवलेल्या प्रसंगाचे स्मरण करून, ब्रह्मगुप्ताच्या या विधानामागे भय असावे, असे सुचविले. ब्रह्मगुप्ताच्या मनाचा ठाव आज कोणास लागणार? एवढे मात्र दिसते की, गणित एका उपपत्तीचे व भाषा दुसऱ्या उपपत्तीची, अशी व्यवस्था एकाच ग्रंथात नांदू शकत होती.

आजही पंचांगात ग्रहणाचे ‘स्पर्श’, ‘मध्य’ आणि ‘मोक्ष’ असे काल छापले जातात. ते काढले जातात छायेच्या गणिताने; ‘मोक्ष’ हा शब्द मात्र बंधनातून सुटणाऱ्याचा आहे. म्हणून शब्दांच्या व्युत्पत्तीवरून एखाद्या समाजाच्या ज्ञानाची इयत्ता ठरविणाऱ्या अभ्यासकाने सावध असावे. व्युत्पत्ती शब्दाच्या जन्मकाळचा विचार सांगते. तो वापरणाऱ्याचा विचार ठरविण्यास त्याचे गणितच तपासावे लागते.