अमर शेख यांचे दोन कवितासंग्रह

मुस्लिम मराठी साहित्याची परंपरा सांगायची वेळ आली की आपली भाषणे एका ठरलेल्या वाटेने जातात. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांचा ‘योगसंग्राम’ (१६४५) येतो, पेशवाईतले शाहीर सगनभाऊ येतात, मग शाहीर अमर शेख हे नाव येते, टाळ्या पडतात आणि वक्ता १९९० च्या सोलापूरच्या पहिल्या मुस्लिम मराठी साहित्य संमेलनावर येऊन थांबतो. नावाआधी लागलेल्या ‘शाहीर’ या एका शब्दात अमर शेख संपून जातात. त्यांचे ‘कलश’ (१९५८) आणि ‘धरतीमाता’ (१९६३) असे दोन कवितासंग्रह आहेत, हे मला बी.एड. होईपर्यंत कुणी सांगितले नव्हते. मी मागितलेही नव्हते, हेही खरे.

मेहबूब हुसेन पटेल हे त्यांचे मूळ नाव. जन्म १९१६ साली बार्शीला, गरीब घरात. आई मुनेरबी. तिच्या गळ्यातली लोकगीते हीच मुलाची पहिली शाळा. पुढे मोटारीवरचा क्लीनर, गिरणीतला कामगार, संप, तुरुंग आणि कम्युनिस्ट चळवळ. मुंबईत अण्णाभाऊ साठे आणि द. ना. गव्हाणकर यांच्याबरोबर लाल बावटा कलापथक उभे राहिले आणि संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात या आवाजाने मैदाने भरून टाकली. हा भाग सर्वांना माहीत आहे. माझा प्रश्न पुढचा आहे. इतका मोठा आवाज लाभलेल्या माणसाला कागदावरची कविता कशाला हवी होती?

याचे उत्तर त्यांच्या पुस्तकांच्या क्रमातच आहे, असे मला वाटते. १९५१ साली त्यांचा ‘अमरगीत’ हा गीतसंग्रह आला. ‘पहिला बळी’ हे नाटकही त्याच वर्षीचे. म्हणजे गाण्याचे पुस्तक त्यांनी आधीच वेगळे काढले होते. सात वर्षांनी ‘कलश’ आला तो कवितासंग्रह म्हणून. गीत आणि कविता यांचा हिशेब त्यांनी स्वतः वेगळा ठेवला. एकत्र केला तो आपण. गीताला डफ असतो, मागे झील धरणारे साथीदार असतात, समोर हजारोंचा समुदाय असतो. कवितेला यातले काहीच नसते, एक वाचक असतो आणि तोही कदाचित दहा वर्षांनी येणारा. १९५८ हे साल लक्षात घ्या. आदल्याच वर्षी निवडणुकीत संयुक्त महाराष्ट्र समितीने काँग्रेसला हादरा दिला होता आणि १ मे १९६० अजून दूर होता. अशा धामधुमीत ज्याला एक दिवस घरी बसायला मिळत नसेल, तो कवी अशा एकट्या वाचकासाठी पुस्तक काढतो. याला छंद म्हणता येत नाही.

मराठी कवितेच्या इतिहासातही या सालाला अर्थ आहे. शरच्चंद्र मुक्तिबोधांची ‘नवी मळवाट’ १९४९ ची. कामगाराच्या तोंडची कविता म्हणून आपण ज्यांचे नाव प्रथम घेतो त्या नारायण सुर्वे यांचा ‘ऐसा गा मी ब्रह्म’ १९६२ चा. ‘कलश’ त्याच्या चार वर्षे आधीचा आहे. सुर्व्यांचे मोठेपण यात कमी होत नाही. पण गिरणी आणि तुरुंग दोन्ही पाहिलेल्या कवीचा संग्रह आधी येऊनही त्याची गणना शाहिरीत झाली, आणि शाहिरीला आपल्या समीक्षेत ओसरीवर बसवतात, माजघरात घेत नाहीत. आचार्य अत्र्यांनी त्यांना महाराष्ट्राचा मायकोव्हस्की म्हटले. ही पदवी आपण अभिमानाने मिरवतो, पण अर्धीच. मायकोव्हस्कीही सभा गाजवत असे. त्याच्या देशात मात्र त्याची पुस्तके वाचली गेली.

दोष केवळ प्रस्थापित समीक्षेचा आहे असे म्हणून मला सुटता येणार नाही. आपल्या घरातही या पुस्तकांना जागा झाली नाही, आणि त्याचे एक कारण त्यांची नावे असावीत. ‘कलश’ म्हटले की देऊळ डोळ्यांपुढे येते. ‘धरतीमाता’ म्हटले की आपल्यातले काही जण अस्वस्थ होतात. धरतीला आई म्हणावे का, असा प्रश्न मला एका जाणत्या माणसाने विचारलेला आहे. बाहेरच्यांना ‘शेख’ खटकतो आणि आतल्यांना ‘माता’. दोन्हीकडून नाकारलेले पुस्तक कपाटात राहते. माझे म्हणणे एवढेच की मुनेरबीच्या मुलाने माता हा शब्द कोणत्या मूर्तीकडून घेतलेला नाही. कष्ट करून खाऊ घालते ती आई, हा बार्शीकडच्या कोणत्याही कुळवाड्याचा साधा हिशेब आहे. तो मांडताना ते आधी कामगार होते, कम्युनिस्ट होते. मुस्लिम मराठी साहित्यिक ही आपली पाटी त्यांनी गळ्यात घातली असती की नाही, याची मला खात्री देता येत नाही. आपण त्यांना आपल्या यादीत घेतो तेव्हा ही अडचणही सोबत घ्यावी.

२९ ऑगस्ट १९६९ रोजी अपघाताने हा आवाज थांबला. वय अवघे बावन्न. त्यांची मुलगी मलिका तेव्हा बारा वर्षांची होती. दहा वर्षांनी, १९७९ साली, तिचा ‘वाळूचा प्रियकर’ हा संग्रह आला. ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’ हे तिचे आत्मचरित्र गाजले, जेरी पिंटो यांनी २०१६ मध्ये ते इंग्रजीत नेले. कविता मात्र इथेही मागे पडली. वडिलांची कविता आवाजाखाली दबली, मुलीची आत्मचरित्राखाली. मलिका अमर शेख यांची कविता मैदानातून निघून महानगराच्या खोलीत आणि बाईच्या देहात येते. तिच्यावर स्वतंत्र लिहायला हवे.

मी राहते ती नवी मुंबई त्यांनी पाहिली नाही. सिडको १९७० ची. पण इथेही दर १ मे रोजी शाळेत महाराष्ट्र दिन होतो. एका वर्षी मी सातवीच्या वर्गात फळ्यावर अमर शेख यांचे नाव आणि खाली दोन संग्रहांची नावे लिहिली. वर्गात शेख आडनावाची नऊ मुले. पहिल्या बाकावरचा एक म्हणाला, “टीचर, मराठीत शेख?” मग सगळ्यांनी, नेहमीच्या सवयीने, मराठी अक्षरांच्या वर बारीक उर्दूत उच्चार लिहून घेतले. ‘कलश’पाशी ती अडली. ‘धरती’ला कुणी अडले नाही. दाल, त्याला दो-चश्मी हे, पुढे रे, ते, ये. तो शब्द त्यांच्या उर्दूच्या पुस्तकात आधीपासूनच होता.