धारवाडचा अर्ज आणि अनधिकृत शाळा

१८५६ च्या जूनमध्ये धारवाडच्या एका महार मुलाने मुंबई सरकारकडे अर्ज केला. सरकारी शाळेने त्याला जातीमुळे दाराबाहेर ठेवले होते. सरकारचा निर्णय असा, की तत्त्वतः न्याय या मुलाच्याच बाजूचा. पण एकट्यादुकट्यासाठी रूढीला हात घातला तर शिक्षणकार्याचीच हानी होईल. म्हणजे न्याय कबूल, प्रवेश नामंजूर! बाबासाहेबांनी १९२८ साली सायमन कमिशनला दिलेल्या निवेदनात हे प्रकरण मुद्दाम नोंदवले. सरकारी शाळा सर्वांना खुल्या, हे तत्त्व १८८२ च्या हंटर कमिशनलाही पुन्हा सांगावे लागले होते.

तो अर्ज एकट्याचा होता, आणि एकटा होता म्हणूनच तो फेटाळता आला. जनहित याचिकेचे मोल मला इथे दिसते. दारिद्र्यामुळे ज्याला कोर्टाची पायरी चढता येत नाही, त्याच्या वतीने दुसऱ्या कुणालाही प्रामाणिक हेतूने दाद मागता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली एस. पी. गुप्ता खटल्यात मान्य केले. १९९३ च्या उन्नीकृष्णन निकालाने चौदा वर्षांपर्यंतचे शिक्षण मूलभूत हक्क ठरवले. २००२ च्या घटनादुरुस्तीने तो हक्क घटनेत आला आणि २००९ चा कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू झाला.

या कायद्याच्या कलम १८ प्रमाणे मान्यतेवाचून शाळा चालवता येत नाही. चालवली तर एक लाखापर्यंत दंड, आणि पुढे चालूच ठेवली तर दिवसाला दहा हजारांपर्यंत. अनधिकृत शाळांविरुद्धच्या याचिका याच कलमाचा आधार घेतात. ते योग्यच आहे. गरिबाकडून फी उकळून त्याच्या मुलाच्या हाती निरुपयोगी कागद देणाऱ्यांची बाजू मी घेणार नाही.

पण हेच कलम पुन्हा वाचावे. मिळालेली मान्यता काढून घेतली, तर तिथली मुले जवळच्या कोणत्या शाळेत जातील हे त्याच आदेशात लिहिणे बंधनकारक आहे. ज्या शाळेला मान्यता कधी मिळालीच नाही, तिच्या मुलांबद्दल हे कलम गप्प आहे. तिथे फक्त दंड आहे.

मी पालिकेच्या शाळेत शिकवतो. वस्तीतली अशी एक शाळा बंद झाली, तेव्हा काही मुले आमच्याकडे आली. 'दाखला आणा' म्हणून त्यांना परत पाठवले गेले. दाखला देणार कोण? शाळेला तर कुलूप! वास्तविक दाखल्याला उशीर झाला म्हणून प्रवेश अडवता येत नाही, असे कलम ५ सांगते. वयाचा पुरावा नाही म्हणूनही अडवता येत नाही, असे कलम १४ सांगते. वयानुरूप वर्गात बसवावे, हे कलम ४ मध्ये आहे. कायदा कपाटात होता, मुले रस्त्यावर होती. त्यांतली सगळी परत आली नाहीत.

म्हणून कार्यकर्त्यांना माझे सांगणे आहे. याचिकेत शाळा बंद करण्याची मागणी जरूर करा. पण तिच्या आधी दुसरी मागणी लिहा. प्रत्येक मुलाचे नाव, त्याची नवी शाळा, त्याचा वर्ग आणि प्रवेशाची तारीख न्यायालयापुढे ठेवायला लावा. आणि वस्तीत सरकारी शाळा का नव्हती, हेही विचारा; कारण अनधिकृत शाळा त्या रिकाम्या जागेतच उगवते.

नाहीतर धारवाडचाच निर्णय नव्या अक्षरांत लिहिला जाईल. न्याय मुलाच्या बाजूला, आणि मूल दाराबाहेर.