धनादेशाचा दावा आणि बचावाची अनामत

न वटलेल्या धनादेशाच्या दिवाणी दाव्यात, बचावाची अनुज्ञा देताना न्यायालय प्रतिवादीकडून रक्कम वा तारण भरून घेऊ शकते. या अटीचे मूळ इंग्लंडच्या १८५५ च्या अधिनियमात आढळते. व्यापारी पत्रांवरील उघड येणे पोकळ बचावाने रखडू नये, हा त्याचा हेतू. भारतात ही संक्षिप्त कार्यपद्धती १८६६ च्या अधिनियमाने आली. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत ती आदेश ३७ मध्ये अंतर्भूत झाली.

अट न पाळल्यास वादीला हुकूमनामा मिळतो. त्यामुळे निर्धन प्रतिवादीचा खरा बचावही ऐकला न जाण्याचा धोका असतो. संतोषकुमार विरुद्ध भाई मूलसिंग (१९५८) या प्रकरणी ६०,००० रुपयांचा धनादेश केवळ तारणादाखल दिला होता व मालाची किंमत अन्य मार्गांनी चुकती झाली, असा बचाव होता. पुराव्याअभावी कनिष्ठ न्यायालयाने तारण मागितले. पुराव्याची वेळच आलेली नसल्याने सर्वोच्च न्यायालयाने ती अट अमान्य केली.

१९७६ च्या दुरुस्तीनुसार प्रतिवादीने मान्य केलेली रक्कम अनुज्ञेपूर्वी भरावी लागते. मुद्दा विवाद्य असला, तरी बचावाच्या सचोटीविषयी शंका असल्यास अट घालता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये हबटाऊन प्रकरणी स्पष्ट केले.