काळाचा हिशेबनीस : शंकर बाळकृष्ण दीक्षित

काळावर हुकमत चालविणारे मांत्रिक गोष्टींत पुष्कळ भेटतात. ग्रहण आधी वर्तविणारा, हजारो वर्षांपूर्वीचा वार बिनचूक सांगणारा विद्वान आपल्या लोकांना फार आवडतो. महाराष्ट्रात असा एक पुरुष खरोखरच होऊन गेला. फरक इतकाच की त्याच्यापाशी मंत्र नव्हता, गणित होते. आणि ते त्याने झाकून न ठेवता मराठीत छापून टाकले.

शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचा जन्म 1853 साली दापोलीजवळच्या मुरूड गावी झाला. पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात शिकून ते शाळामास्तर झाले, गावोगावी बदलीवर फिरले आणि 1898 साली, पंचेचाळिशीही पुरी न होता, वारले. विद्यापीठाची पदवी त्यांच्याजवळ नव्हती. ज्यांचे शिक्षण रात्रीच्या दिव्याखाली उसन्या पुस्तकांवर झाले त्या आम्हांस हे सांगताना थोडा अभिमान वाटतो, तो श्रोत्यांनी सोसावा.

त्यांची करामत कशी होती ते एका उदाहरणावरून कळेल. मध्य प्रदेशात एरण येथे बुधगुप्त राजाच्या वेळचा स्तंभ आहे. त्यावरील लेखात गुप्त वर्ष 165, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार असे कोरले आहे. पण गुप्तांचा शक सुरू झाला केव्हा, यावर विद्वानांत मोठा वाद होता. तिथी चंद्रसूर्यांच्या गतीवर चालते, वार मात्र सातासातांनी आपला वेगळाच फिरतो. म्हणून चुकीचा आरंभ धरला तर तिथीशी वार बहुधा जुळत नाही. खोट्या हजेरीपत्रकासारखी चोरी तेथेच उघडी पडते. दीक्षितांनी गणित करून दाखविले की हा दिवस म्हणजे 21 जून 484, आणि त्या दिवशी गुरुवारच होता. फ्लीट साहेबांनी गुप्तांच्या लेखांचा ग्रंथ 1888 साली काढला, त्यात गुप्तशकाचा आरंभ इसवी सन 319-20 च्या सुमारास ठरला, त्यामागे या मास्तरांचे आकडे होते. एक आरंभ पक्का झाला आणि राजांची सारी रांग आपापल्या जागी उभी राहिली.

'भारतीय ज्योतिःशास्त्र' हा त्यांचा मोठा ग्रंथ 1896 सालचा. आपल्या मुलखाचा विषयही त्याच शास्त्रातला आहे. जुन्या ज्योतिष्यांनी लंका, उज्जयिनी आणि मेरू यांतून जाणारी मध्यरेषा मानली, आणि पहिल्या भास्कराच्या ग्रंथात त्या रेषेवरील गावांत वत्सगुल्म, म्हणजे आपले वाशीम, आहे. वाशीमचे मध्यमेश्वराचे देऊळ हीच आठवण सांगते. किन्हीराजाच्या माणसाने याचा गर्व जरूर करावा, पण हिशेबही करावा. आजच्या मापाने वाशीम उज्जैनच्या पूर्वेस सुमारे 1.4 अंश आहे. सूर्य वाशीमला माथ्यावर आल्यानंतर उज्जैनला यायला पाचसाडेपाच मिनिटे लागतात. बरोबर चालणारे घड्याळ नसता, ग्रहणाच्या वेळा ताडून रेषा आखणाऱ्यांची ही चूक आम्हांस तरी लहानच वाटते.

दीक्षितांचे खरे भांडण मात्र पंचांगाशी होते. उत्तरायण आकाशात 22 डिसेंबरच्या सुमारास लागते आणि आपण तिळगूळ वाटतो जानेवारीच्या मध्याला. अयनबिंदू मागे सरकत गेला, निरयन पंचांग ताऱ्यांना धरून बसले, म्हणून हे अंतर पडले. सण ऋतूंना धरून असावेत म्हणून दीक्षित, विसाजी रघुनाथ लेले आणि जनार्दन बाळाजी मोडक यांनी सायन पंचांग काढले. लोकांनी ते घेतले नाही. व्यंकटेश बापूजी केतकरांसारखा तोलामोलाचा गणितीही निरयन पक्षाचा होता, तेव्हा हा अडाणी आणि शहाणे यांचा झगडा होता असे कोणी समजू नये.

वेळ कोणाच्या हिशेबाने चालावी हा तंटा पंचांगापुरता राहिला नाही. 1906 च्या जानेवारीत सरकारने नवी प्रमाणवेळ लागू केली. मुंबईचे घड्याळ 39 मिनिटांनी पुढे गेले. जेकब ससून गिरणीच्या कामगारांनी काम थांबवले, घड्याळावर दगड मारले. ज्याला उजाडण्यापूर्वी भोंग्याला हजर राहावे लागते त्याला 39 मिनिटे म्हणजे काय, हे आम्हांस कोणी शिकवायला नको. पाळी आणि हजेरी यांच्या भांडणातच आमचा जन्म गेला. मुंबई महापालिकेने तर आपली जुनी वेळ 1955 पर्यंत सोडली नव्हती. त्याच प्रमाणवेळेपेक्षा किन्हीराजाचा सूर्य आजही सुमारे 21 मिनिटे मागे आहे.

मेघनाद साहांच्या समितीने 1955 साली अहवाल दिला आणि 22 मार्च 1957 रोजी, चैत्र 1, शके 1879 या दिवशी, राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिचे वर्ष सायन आहे. वसंतसंपाताच्या दुसऱ्या दिवशी ते लागते. सणांच्या तिथ्यांसाठी मात्र समितीने 23 अंश 15 कला अयनांश धरून जुनी वाट राखली. दीक्षितांना जाऊन तेव्हा 59 वर्षे झाली होती. सरकारी राजपत्रावर आता त्यांच्या पक्षाची तारीख छापली जाते, आणि तिळगूळ आम्ही सारे जानेवारीतच खातो.